ब्लूप : सोळा पट वेगाने ऐकलेला समुद्र

१९९७ साली प्रशांत महासागराच्या विषुववृत्तीय पट्ट्यात ठेवलेल्या हायड्रोफोनांनी, म्हणजे पाण्याखालच्या मायक्रोफोनांनी, एक आवाज टिपला. त्या क्षणी तो कोणीच ऐकला नव्हता. ही यंत्रं तळाला नांगरून पाण्यात अधांतरी सोडलेली असतात. ती महिनोन्महिने नोंदी साठवत राहतात आणि मग जहाज जाऊन त्यांना वर काढतं. पुढे आलेख तपासताना अमेरिकेच्या 'नोआ' या सागर-हवामान संस्थेच्या शास्त्रज्ञांना एक खूण दिसली. आवाज अगदी खर्जातला, पण सुमारे मिनिटभर चढत गेलेला आणि विलक्षण दणकट होता. जवळजवळ पाच हजार किलोमीटर पसरलेल्या यंत्रांवर तो उमटला होता. तो कुठल्या यंत्रावर किती उशिरा पोहोचला यावरून उगमाची जागा काढली, ती ढोबळमानाने ५० अंश दक्षिण, १०० अंश पश्चिम अशी आली. चिलीच्या दक्षिण टोकापासून पश्चिमेला, जिथे दूरवर माणसाची वस्ती नाही असं ते पाणी.

माणसाच्या कानाला नीट कळावा म्हणून तो १६ पट वेगाने वाजवला. तेव्हा पाण्यातून मोठा बुडबुडा वर यावा तसं 'ब्लूप' ऐकू आलं, आणि तेच नाव पडलं. माझ्या मते साऱ्या हकिकतीतली कळीची जागा हीच आहे. मिनिटभराची घरघर चार सेकंदांत दाबली की ती एखाद्या जिवाने घातलेल्या सादेसारखी भासते. जगभर लोकांनी ऐकला तो हा दाबलेला आवाज.

आवाज एवढ्या लांब गेलाच कसा, हे समजायला बरंच मागे जावं लागतं. १८२६ साली जिनिव्हा सरोवरात कोलाडॉन आणि स्टुर्म या दोन शास्त्रज्ञांनी रात्री दोन होड्या एकमेकींपासून दूर उभ्या केल्या. एका होडीखाली पाण्यात टांगलेली घंटा वाजली की त्याच क्षणी वर बंदुकीची दारू भडके. दुसऱ्या होडीतला माणूस पाण्यात बुडवलेल्या कर्ण्याला कान लावून, उजेड दिसल्यापासून ठोका ऐकू येईपर्यंतचा वेळ मोजे. उत्तर आलं सेकंदाला सुमारे १,४३५ मीटर, म्हणजे हवेतल्या वेगाच्या चौपटीहून जास्त.

पुढचा टप्पा युद्धकाळातला. समुद्रात खोल जावं तसं पाणी गार होत जातं आणि आवाज मंदावतो. आणखी खाली दाब वाढतो, तसा तो पुन्हा वेग घेतो. मधे, पुष्कळ ठिकाणी हजारेक मीटर खोलीवर, आवाजाचा वेग सगळ्यात कमी असलेला थर सापडतो. तिथे शिरलेला आवाज वर गेला तरी खाली वळतो आणि खाली गेला तरी वर. पाटातून पाणी जावं तसा तो त्या थरातून हजारो किलोमीटर जातो. अमेरिकी भूभौतिकशास्त्रज्ञ मॉरिस युइंग यांनी १९४४ साली हे प्रयोगाने दाखवलं. याच थराच्या आधारावर अमेरिकी नौदलाने सोव्हिएत पाणबुड्यांवर कान ठेवणारं 'सोसस' हे गुप्त जाळं उभारलं. शीतयुद्ध सरलं आणि १९९१ पासून शास्त्रज्ञांना त्या नोंदी वापरता येऊ लागल्या. ब्लूप टिपणारी नोआची स्वतःची यंत्रं त्यानंतरची.

मग कल्पनेला भरती आली. अमेरिकी भयकथालेखक एच. पी. लव्हक्राफ्ट यांच्या १९२८ सालच्या कथेत समुद्रात बुडालेल्या एका नगरीत निद्रिस्त राक्षस आहे, आणि त्या नगरीची जागा दिली आहे ४७ अंश दक्षिण, १२६ अंश पश्चिम. ब्लूपचा उगम तिथून दीड-दोन हजार किलोमीटरवर. वाचकांना एवढं जवळपण पुरलं. देवमाशाहून प्रचंड असा कुठलातरी अज्ञात प्राणी आहे, ही गोष्ट इंटरनेटवर वर्षानुवर्षं फिरत राहिली. त्यात मूर्खपणा नव्हता. कंप्रतेतले, म्हणजे आवाजाच्या पट्टीतले, चढउतार सागरी प्राण्यांच्या आवाजाशी जुळतात, असं सुरुवातीला शास्त्रज्ञांनाही वाटलं होतं.

उत्तर अंटार्क्टिकाकडून आलं. २००५ पासून तिथल्या समुद्रात हायड्रोफोन सोडले गेले आणि बर्फ फुटण्याच्या असंख्य नोंदी हाती आल्या. २००८ च्या सुरुवातीला ए-५३ए हा हिमनग दक्षिण जॉर्जिया बेटाजवळ फुटला, त्याच्या नोंदीही ब्लूपशी जुळणाऱ्या निघाल्या. सरबताच्या पेल्यात बर्फाचा खडा टाकला की 'कट्' करून तडकतो, तेच इथे शहराएवढ्या बर्फाच्या बाबतीत घडतं. २०१२ पर्यंत नोआचे रॉबर्ट झियाक ठामपणे सांगू लागले की ब्लूप हा हिमकंप, म्हणजे प्रचंड बर्फ तडकण्याचा हादरा, होता. राक्षस गेला म्हणून हळहळणारे पुष्कळ भेटतात. मला मात्र हे उत्तर जास्त हादरवतं, कारण तापणाऱ्या पृथ्वीवर बर्फ कुठे आणि किती तुटतो आहे, हे त्या आवाजातून कानांनी मोजता येतं.

ब्लूपची भावंडंही आहेत. १९९७ चा 'स्लो डाउन' आणि १९९९ चा 'ज्युलिया' हे तळाला घासणाऱ्या हिमनगांचे आवाज मानले जातात. 'अपस्वीप' वेगळा. तो १९९१ साली ऐकणं सुरू झालं तेव्हापासूनच नोंदींत आहे, वसंतात आणि शरदात वाढतो. त्याचा उगम दक्षिण प्रशांतातल्या ज्वालामुखी भागाजवळचा दिसतो, पण नेमकं काय घडून तो निघतो, हे कोडं सुटलेलं नाही. त्याच्यावर मात्र कोणी राक्षसाची गोष्ट रचली नाही.