व्हिडिओ फुकट, निरोपाला पैसे

सिएटलच्या स्ट्रिप क्लबात नाचण्यापासून सुरुवात केलेल्या डॅनी ॲश १९९५ साली एचटीएमएल, म्हणजे संकेतस्थळ बांधायची भाषा, स्वतःच शिकल्या आणि त्यांनी आपलं संकेतस्थळ बांधलं. त्यांचे नग्न फोटो इंटरनेटवर आधीपासूनच फुकट फिरत होते. 'डॅनीज हार्ड ड्राइव्ह' हे त्यांचं संकेतस्थळ सुरू झाल्यावर सभासदांचे पैसे थेट त्यांच्याकडे येऊ लागले.

पॉर्नचा बाकी धंदा मात्र जुन्याच चालीने चालला. चित्रीकरणाचे पैसे एकदाच मिळायचे, फिल्मचा हक्क कंपनीचा. २००७ च्या सुमारास पॉर्नहबसारखी फुकट व्हिडिओंची संकेतस्थळं आली आणि डीव्हीडीचा बाजार बसला. व्हिडिओ फुकट मिळतो, तर माणूस अजून पैसे मोजतो ते कशाचे?

याचा धागा १९५६ सालच्या एका निबंधात आहे. टीव्हीवरचा निवेदक कॅमेऱ्यात बघून बोलतो आणि घरी बसलेल्याला तो आपल्या ओळखीचा वाटू लागतो, हे डोनाल्ड हॉर्टन आणि रिचर्ड व्होल यांनी टिपलं. या एकतर्फी नात्याला त्यांनी 'पॅरासोशल' म्हटलं.

२०१६ मध्ये लंडनमध्ये ओन्लीफॅन्स सुरू झालं. चाहत्याने वर्गणी भरून कलाकाराचे फोटो-व्हिडिओ बघायचे, असं हे संकेतस्थळ. त्याने या नात्यालाच दर लावला. वर्गणीतले ८० टक्के कलाकाराचे, २० टक्के कंपनीचे, आणि सोबत खासगी निरोपांची सोय. सकाळी फोनवर निरोप येतो, 'काल झोप लागली का नीट?' वाचणाऱ्याला वाटतं, आपल्यालाच विचारलंय. तोच निरोप त्याच क्षणी हजारो जणांना गेलेला असू शकतो. पण उत्तर पाठवलं, तर पलीकडून उत्तर येतं. टीव्हीच्या निवेदकाला हे कधीच शक्य नव्हतं.

समाजशास्त्रज्ञ आर्ली हॉकशिल्ड यांनी १९८३ मध्ये हवाई सुंदरींच्या हसण्याला 'भावनिक श्रम' म्हटलं होतं. इथले श्रम त्याच जातीचे, फक्त विमान कधी उतरतच नाही. ताप असो, घरात भांडण असो, निरोपाला उत्तर द्यावंच लागतं. मोठ्या खात्यांवर अनेकदा पगारी माणसं कलाकाराच्या नावाने गप्पा मारतात. पैसे देणाऱ्याला हे आधी सांगितलं गेलं पाहिजे, असं मला ठामपणे वाटतं. त्याचा जीव त्या गप्पांत गुंतलेला असतो.

डॅनी ॲश यांची सभासदांची यादी त्यांच्याच हातात होती. आजच्या कलाकाराचं नाव तिचं, पण चाहत्यापर्यंतची वाट कंपनीची. १९ ऑगस्ट २०२१ रोजी ओन्लीफॅन्सने १ ऑक्टोबरपासून उघड लैंगिक चित्रण बंद करत असल्याचं जाहीर केलं. कारण दिलं बँकांचं. सहा दिवसांनी निर्णय मागे घेतला गेला. तोवर कित्येक जणी आपल्या चाहत्यांना दुसऱ्या संकेतस्थळांचे पत्ते पाठवत होत्या.