ॲलन, ग्रेसी

(२६ जुलै १८९५–२७ ऑगस्ट १९६४). अमेरिकन रंगमंच, रेडिओ, चित्रपट आणि दूरचित्रवाणी गाजवणारी विनोदी अभिनेत्री. पूर्ण नाव ग्रेस एथेल सेसील रोझली ॲलन. पती व सहकलाकार जॉर्ज बर्न्स यांच्यासोबतची ‘बर्न्स अँड ॲलन’ ही जोडी सुमारे पस्तीस वर्षे चालली.

ग्रेसीचा जन्म सॅन फ्रान्सिस्कोचा, आयरिश कॅथलिक कुटुंबातला. जन्मवर्षाबद्दलचा घोळ तिने स्वतःच घातलेला होता. ती १९०६ सांगे, आणि दाखला त्याच वर्षीच्या भूकंपात नष्ट झाला असे म्हणे. भूकंप एप्रिलमधला आणि वाढदिवस जुलैतला, हे कोणी दाखवून दिलेच, तर तो भूकंप फारच मोठा होता, असे तिचे उत्तर असल्याचे सांगतात. १९०० च्या जनगणनेत मात्र १८९५ हीच नोंद आहे. वडील नाच-गाण्याचे कार्यक्रम करीत. पुढे ते घर सोडून गेले. बहिणींबरोबर नाचत ग्रेसी रंगमंचावर आली. नंतर एका फिरत्या कंपनीत तिने आयरिश मुलीच्या भूमिका केल्या. ते काम सुटल्यावर ती लघुलेखन शिकू लागली होती. त्याच सुमारास, १९२२-२३ मध्ये, न्यू जर्सीत बर्न्सशी ओळख झाली. ७ जानेवारी १९२६ रोजी क्लीव्हलंडमध्ये त्यांनी लग्न केले.

या जोडीची सुरुवात वॉडव्हिलमध्ये झाली. वॉडव्हिल म्हणजे गाणी, नाच, कसरती, नकला अशा सुट्या तुकड्यांचा एका तिकिटात बघायला मिळणारा कार्यक्रम. प्रत्येक तुकड्याला मोजकी मिनिटे मिळत. जोडीच्या पहिल्या प्रयोगाची संहिता बर्न्सने स्वतःसाठी लिहिली होती: विनोद त्याचे, साधे प्रश्न ग्रेसीचे. प्रेक्षक प्रश्नांनाच हसले आणि त्याच्या विनोदांच्या वेळी गप्प राहिले. बर्न्सने लगेच वाटणी उलटी केली. आपण विनोदी नट नाही, हे इतक्या लवकर ओळखणारे नट कमीच.

बावळट मुलगी हे पात्र वॉडव्हिलला नवे नव्हते. त्या पात्राला बहुधा विचित्र कपडे चढवले जात आणि चेहरे वेडेवाकडे केले जात. ग्रेसीने यातले काहीच घेतले नाही. ती नीटनेटक्या, चांगल्या कपड्यांत येई. लहानपणी भाजल्याचा व्रण दंडावर होता, म्हणून बाह्या कायम लांब असत. आवाज मात्र तिने मुद्दाम चढा ठेवला होता. एरवी ती खालच्या पट्टीत बोले. प्रेक्षकांकडे न पाहता ती बर्न्सशीच बोले. सुरुवातीच्या संहितांत तिच्या तोंडी टोमणेही होते, पण तिने कोणाला टोचून बोललेले प्रेक्षकांना रुचेना, म्हणून ते काढून टाकले गेले.

या पात्राचा गाभा असा की ग्रेसीला आपण मूर्ख आहोत असे मुळीच वाटत नाही. समोरच्याला साध्या गोष्टी कळत नाहीत याचीच तिला दया येते. ती मिठाच्या भांड्यात मिरपूड भरते आणि मिरपुडीच्या भांड्यात मीठ. लोक नेहमी चुकीचे भांडे उचलतात, मग आता चुकले तरी बरोबरच येईल. भट्टीत मांसाचे दोन तुकडे ठेवते, एक मोठा आणि एक छोटा. छोटा करपला की मोठा नीट भाजला गेला असे समजायचे. दोन्ही उदाहरणांत पहिले गृहीतक तेवढे तिरके आहे. पुढची प्रत्येक पायरी तर्काला धरून आहे. उत्तर नुसतेच असंबद्ध असले तर प्रेक्षक एकदा हसतो आणि नंतर कंटाळतो. ग्रेसीच्या उत्तरात त्याला दुवा शोधावा लागतो, आणि तो सापडला की हशा येतो.

म्हणून बर्न्सचे काम दिसते त्याहून अवघड होते. तो तिचे शेवटचे शब्द प्रश्नाच्या सुरात परत म्हणे. त्यामुळे प्रेक्षकांना दुवा शोधायला क्षणभर मिळे आणि तिला पुढच्या वाक्याची चढण मिळे. हशा चालू असताना तो सिगार ओढे आणि हशा ओसरू लागला की पुढचा प्रश्न टाके. त्याने खरोखर चिडून चालत नसे, कारण मग ती बिचारी ठरली असती. आणि आपण विनोद करतो आहोत याची जाणीव तिच्या चेहऱ्यावर उमटली असती, तर सगळाच डोलारा कोसळला असता. ती स्वतःला विनोदी कलाकार नव्हे, अभिनेत्री समजे. ते योग्यच होते.

१९२९ मध्ये विनोदकार फ्रेड ॲलन आजारी पडल्याने ऐनवेळी या जोडीला ‘लॅम्बचॉप्स’ हा लघुपट मिळाला. त्यांचा प्रयोग रस्त्यावर घडणारा, आणि समोर नेपथ्य दिवाणखान्याचे. ग्रेसी आत येते ती खोलीभर काहीतरी शोधत. ती प्रेक्षक शोधत असते, आणि बर्न्स तिला कॅमेरा दाखवतो. त्याच वर्षी इंग्लंडच्या दौऱ्यात ती दोघे बीबीसीवरून ऐकू आली. १९३१ मध्ये गायक-विनोदकार एडी कँटरने आपल्या रेडिओ कार्यक्रमात एकट्या ग्रेसीला बोलावले. बर्न्सने परवानगी दिली, पण संवाद आपलेच असतील या अटीवर. १९३२ पासून सीबीएस या प्रसारण कंपनीच्या रेडिओवर गाय लोम्बार्डोच्या वाद्यवृंदाच्या कार्यक्रमात ही जोडी नियमित येऊ लागली आणि १९३४ मध्ये तो कार्यक्रम त्यांचाच झाला. मायक्रोफोनची भीती मात्र ग्रेसीला वाटत राहिली.

जानेवारी १९३३ मध्ये तिने रेडिओवरची गंमत म्हणून ‘हरवलेल्या’ भावाचा शोध सुरू केला. ती न सांगता इतरांच्या कार्यक्रमांत घुसे, प्रतिस्पर्धी एनबीसीच्या कार्यक्रमांतही, आणि भाऊ दिसला का असे विचारून निघून जाई. एनबीसीवर गायक रूडी व्हॅलीला हा विषय काढू नकोस असे बजावले होते. त्याच्या तोंडून तो निसटलाच. तिचा खरा भाऊ सॅन फ्रान्सिस्कोत हिशेबनीस होता. लोकांनी त्याला इतके भंडावले की त्याला काही काळ लपून राहावे लागले. १९४० मध्ये ती ‘सरप्राइज पार्टी’ या गमतीच्या पक्षातर्फे राष्ट्राध्यक्षपदासाठी उभी राहिली. पक्षाचे चिन्ह होते कांगारू. लॉस एंजेलिसहून आगगाडीने ठिकठिकाणी भाषणे करीत ती ओमाहाच्या ‘अधिवेशना’ला पोहोचली.

चाळिशीच्या दशकाच्या आरंभी श्रोते घटले. कारण बर्न्सने शोधले: रेडिओवर तो अजून तिच्याभोवती लाडीगोडी करणारा तरुण होता, आणि प्रत्यक्षात दोघांचे लग्न होऊन, सँड्रा आणि रॉनी ही दत्तक मुले मोठी होत होती. विनोद वयाला शोभेनासे झाले होते. त्याने पात्रांना विवाहित केले, घर आणि शेजारी दिले. कार्यक्रम पुन्हा उभा राहिला. आवाजाचा कलाकार मेल ब्लँक याने रंगवलेला, रडक्या आवाजात आनंदी राहायला सांगणारा पोस्टमन याच काळातला.

चित्रपटांत तिचे चीज तितकेसे झाले नाही. ‘द बिग ब्रॉडकास्ट’ (१९३२), ‘इंटरनॅशनल हाउस’ (१९३३), ‘सिक्स ऑफ अ काइंड’ (१९३४) अशा पॅरामाउंट या चित्रपटसंस्थेच्या चित्रपटांत जोडीचे संवाद मधेमधे पेरलेले असत. तिचे बोलणे गोष्टीला थांबवून ठेवते, आणि दीड तासाच्या कथेला ते परवडत नाही. ‘अ डॅम्सेल इन डिस्ट्रेस’ (१९३७) अपवाद ठरला. त्यात नर्तक-अभिनेता फ्रेड अस्टेअरसोबत ही दोघे नाचली. छोट्या झाडण्या हातात घेऊन केलेला नाच बर्न्सने जुन्या वॉडव्हिलमधून आणून अस्टेअरला सुचवला होता. जत्रेतल्या गमतीघरातील नृत्यासाठी नृत्यदिग्दर्शक हर्मीस पॅन यांना ऑस्कर मिळाले. ‘द ग्रेसी ॲलन मर्डर केस’ (१९३९) मध्ये ती बर्न्सविना होती. तिचा अखेरचा चित्रपट ‘टू गर्ल्स अँड अ सेलर’ (१९४४). त्यातला ‘एका बोटाचा कॉन्चेर्टो’ (कॉन्चेर्टो म्हणजे एक वाद्य आणि वाद्यवृंद यांच्यासाठीची रचना) तिने न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉल या संगीत सभागृहातही सादर केला होता: वाद्यवृंद जोमात वाजून थांबे, ग्रेसी पियानोवर एका बोटाने स्वरसप्तक वाजवी आणि शेवटचा स्वर चुकवी. त्या चुकीवरच वाद्यवृंद पुढची रचना उभारी. अखेरीस बरोबर स्वर लागला की वादक टाळ्या वाजवत. खरे वादन पडद्याआड व्यावसायिक पियानोवादक करी.

ऑक्टोबर १९५० मध्ये सीबीएसवर या जोडीची दूरचित्रवाणी मालिका सुरू झाली. पहिली दोन वर्षे ती थेट आणि पंधरवड्यातून एकदा असे. १९५२ पासून फिल्मवर, दर आठवड्याला. भाग आधी चित्रित होई, मग तो प्रेक्षकांना दाखवून त्यांचा हशा ध्वनिमुद्रित केला जाई. बर्न्स मधूनच गोष्टीतून बाहेर येऊन प्रेक्षकांशी बोले. पाठांतराचा भार मात्र ग्रेसीवर. साध्या संवादात पुढचे वाक्य मागच्यावरून सुचते; तिच्या वाक्यांना तसा आधार नसे, त्यामुळे ती शब्दशः पाठ करावी लागत. एक शब्द इकडचा तिकडे झाला की दुवा तुटे. त्यातच अर्धशिशी आणि हृदयविकार जडले होते. जून १९५८ मध्ये ती निवृत्त झाली. सहा वर्षांनी हृदयविकारानेच तिचे निधन झाले.

निवृत्तीनंतर लगेच बर्न्सने तोच संच, तेच शेजारी आणि मालिकेतलाच मुलगा रॉनी यांना घेऊन ‘द जॉर्ज बर्न्स शो’ सुरू केला. एका हंगामात तो बंद पडला. प्रश्न विचारणारा होता, पण उत्तर देणारी नव्हती.