गाडीचोरीचा क्लेम नाकारला: विमा लोकपाल की ग्राहक आयोग?

गाडी चोरीला गेली, त्याच दिवशी एफआयआर झाला. काही महिन्यांनी पोलिसांची ‘अ समरी’ हाती आली, म्हणजे गुन्हा खरा पण छडा लागला नाही. दोन्ही चाव्या कंपनीकडे जमा केल्या. आणि मग दोन ओळींचं पत्र येतं: चोरीची सूचना उशिरा दिल्याने पॉलिसीच्या अट क्रमांक १ चा भंग झाला, सबब दावा नामंजूर. पत्र वाचून अनेकजण हाय खातात. जे लढायला उभे राहतात, त्यांच्यातही विमा लोकपाल (विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारी ऐकणारा अधिकारी) आणि ग्राहक आयोग (ग्राहकांच्या तक्रारींचं न्यायालय) एकच समजणारे खूप. दोन्हीकडे तक्रारच करायची असली, तरी कुठे आधी जायचं यात चूक झाली तर एक दार बंद होतं.

विमा लोकपालाकडे फी नाही आणि वकीलही चालत नाही, आपलं म्हणणं आपणच मांडायचं. आधी कंपनीकडे लेखी तक्रार करावी लागते. कंपनीने ती फेटाळली, किंवा महिनाभर उत्तरच दिलं नाही, की पुढच्या एका वर्षाच्या आत लोकपालाकडे जायचं. मर्यादा ५० लाखांची, त्यामुळे घरगुती गाडी सहज बसते. लोकपालाचा निवाडा कंपनीवर बंधनकारक असतो आणि तिने तो ३० दिवसांत पाळायचा असतो. मात्र प्रत्यक्ष नुकसानीच्या पलीकडे लोकपाल भरपाई देऊ शकत नाही. तुमच्या मनस्तापाची किंमत तिथे होत नाही.

ती होते ग्राहक आयोगात. विम्याची रक्कम, व्याज, मानसिक त्रास, तक्रारीचा खर्च, सगळं एकत्र मागता येतं. २०१९ च्या कायद्यामुळे तुम्ही राहता किंवा काम करता त्या जिल्ह्यातच दावा टाकता येतो. कोणता आयोग, हे गाडीच्या किमतीवर नाही, भरलेल्या हप्त्यावर ठरतं. त्यामुळे चोरीची प्रकरणं जवळपास सगळी जिल्हा आयोगातच येतात आणि फी लागत नाही. मुदत दोन वर्षं. पण तारखा पडतात, आणि हरलेली कंपनी राज्य आयोगात अपील करू शकते. त्यासाठी निम्मी रक्कम आधी भरावी लागते, एवढाच तिला आळा.

आता क्रमाचा मुद्दा. लोकपालाचा निवाडा पटला नाही, तर आयोगात जाता येतं. उलट, आयोगात प्रकरण सुरू असेल किंवा निकाल लागलेला असेल, तर लोकपाल तीच तक्रार घेत नाही.

मग निवड कशी करायची? नकाराचं कारण बघा. वर लिहिलेल्या ‘उशिरा सूचना’ या कारणावर सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२० मध्ये गुरशिंदर सिंग प्रकरणात स्पष्ट सांगितलं: पोलिसांत फिर्याद लगेच दिली असेल, तर केवळ कंपनीला कळवायला उशीर झाला म्हणून खरा दावा नाकारता येत नाही. असं कागदावर सरळ दिसणारं प्रकरण मी आधी लोकपालाकडेच नेईन. निकालाची प्रत जोडायची आणि एफआयआरच्या तारखेवर बोट ठेवायचं. पण एफआयआरच उशिरा झाला असेल, तर हा निकाल तुमच्या कामाचा नाही.

किल्ली गाडीलाच राहिली होती, गाडीची काळजी घेतली नाही, अशा कारणांत मात्र घटना कशी घडली हे पुराव्याने दाखवावं लागतं. तिथे आयोग बरा. २०२३ मध्ये किल्ली आत राहिलेल्या ट्रकच्या मालकालाही सर्वोच्च न्यायालयाने ७५ टक्के रक्कम मिळवून दिली. याला ‘नॉन-स्टँडर्ड’ तडजोड म्हणतात, आणि ‘सगळं गेलं’ असं समजून घरी बसलेल्या माणसाला नेमकं हेच कुणी सांगत नाही. नोंदणीच संपलेली गाडी फिरवत असाल तर गोष्ट वेगळी: २०२१ मध्ये तात्पुरती नोंदणी संपलेल्या गाडीचा दावा न्यायालयाने नाकारलाच.

लोकपालाच्या निवाड्याची वाट बघताना आयोगाची दोन वर्षं आपोआप थांबतील, असं धरून चालू नका. नकाराच्या पत्रावरची तारीख आजच कॅलेंडरवर लिहा आणि ते पत्र ज्या पाकिटातून आलं, ते पाकीटही जपून ठेवा.