हप्ता तोच, तारीख पुढे: गृहकर्जातला हप्ता आणि मुदत यांचे दोन वेगळे हिशेब

माझा मावसभाऊ जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक आहे. २०१७ साली त्याने घरासाठी वीस वर्षांचं कर्ज काढलं. मुदत मुद्दाम अशी बेतली होती, की २०३७ मध्ये अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त व्हायचं आणि त्याच वर्षी शेवटचा हप्ता द्यायचा. पुढे २०२० मध्ये त्याने ते कर्ज रेपो दराशी, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे उसने देते त्या दराशी, जोडून घेतलं. २०२३ च्या उन्हाळ्यात आम्ही सगळे गावी जमलो होतो आणि बोलता बोलता वाढलेल्या व्याजदरांचा विषय निघाला. दादा निर्धास्त होता. "अगं, दर वाढले असतील, पण माझा हप्ता एका रुपयानेही वाढलेला नाही," तो म्हणाला.

मी त्याला बँकेच्या ॲपमधलं परतफेडीचं वेळापत्रक उघडायला लावलं. बोटाने खाली सरकवत सरकवत तो शेवटच्या ओळीवर आला. तिथे २०४३ साल होतं.

हप्ता वाढला नाही म्हणजे कर्ज वाढलं नाही, असं त्याला प्रामाणिकपणे वाटत होतं. असं मानणारा तो एकटा नाही. शिकलेली, हिशेबाला पक्की माणसंही इथे फसतात, कारण दर महिन्याला खात्यातून जाताना दिसतो तो हप्ता. मुदत डोळ्यांसमोर येत नाही. आणि कर्ज शेवटी कितीला पडणार, हे हप्त्याइतकंच मुदतीवरही ठरतं.

बदलत्या दराच्या कर्जात तीन आकडे एकमेकांना बांधलेले असतात: व्याजदर, हप्ता आणि मुदत. दर हलला की उरलेल्या दोघांपैकी एकाला तरी हलावंच लागतं. हप्ता हलवला नाही, तर मुदत हलते. रिझर्व्ह बँकेने मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर नेला. त्या नऊ-दहा महिन्यांत लाखो घरांत हेच झालं: हप्ता जागेवर राहिला आणि मुदत गुपचूप लांबली.

दादाचाच हिशेब मांडते. हिशेब सोपा राहावा म्हणून अडीच टक्क्यांची सगळी वाढ एकदम झाली असं धरलं आहे. शिल्लक मुद्दल १४ लाख, उरलेले हप्ते १७४, दर ६.७५ टक्के आणि हप्ता १२,६३७ रुपये. या हप्त्यातले ७,८७५ रुपये व्याजात जात होते आणि ४,७६२ रुपये मुद्दलात. दर ९.२५ टक्के झाला आणि त्याच १२,६३७ रुपयांमधले १०,७९२ रुपये व्याजाने खाल्ले. मुद्दलाला उरले १,८४५. हप्त्याचा आकडा तोच, पण त्यातून कर्ज फेडलं जाण्याचा वेग निम्म्याहून कमी झाला. १७४ हप्त्यांचे २५१ हप्ते झाले ते असे.

मुदत तीच ठेवायची असती, तर हप्ता १४,६४० रुपये करावा लागला असता. म्हणजे महिन्याला दोन हजार रुपये जास्त. आता दोन्ही वाटांनी पुढे एकूण किती भरावं लागतं ते पाहा. हप्ता वाढवला तर सुमारे २५ लाख ४७ हजार, मुदत वाढवली तर सुमारे ३१ लाख ६६ हजार. फरक सहा लाखांच्या वरचा. आणि ती जास्तीची सहा वर्षं पगाराची नाहीत, पेन्शनची आहेत. मला पैशांपेक्षा हीच गोष्ट जास्त लागली.

कर्ज जितकं नवं आणि मोठं, तितका हा फटका जबर. समजा कुणी ४० लाखांचं कर्ज वीस वर्षांसाठी ६.७५ टक्क्यांनी घेतलं. हप्ता ३०,४१५ रुपये. एक वर्ष फेडल्यावर मुद्दल ३९ लाख २ हजार उरलं आणि दर ९.२५ टक्के झाला. आता एका महिन्याचं नुसतं व्याजच ३०,०७८ रुपये. मुद्दलात जाणार जेमतेम साडेतीनशे रुपये. हाच हप्ता चालू ठेवला तर कर्ज फिटायला आणखी ४९ वर्षं लागतील. अर्थात कुठलीही बँक इतकी मुदत देत नाही. वयाची आणि मुदतीची कमाल मर्यादा आली की तिथून पुढे ती हप्ता वाढवते. अशा वेळी कर्जदाराला दोन्ही गोष्टी सोसाव्या लागतात, मुदतही लांबलेली आणि हप्ताही वाढलेला.

या सगळ्यानंतर १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने नियम काढला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. मुदत इतकी ताणायची नाही की हप्त्यातून महिन्याचं व्याजही सुटणार नाही. आणि दर तिमाहीला एक पत्रक उपलब्ध करून द्यायचं, ज्यात आतापर्यंत किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, हप्ता किती, किती हप्ते उरले आणि दर काय, हे असलं पाहिजे. जुन्या कर्जांनाही हा नियम २०२३ च्या अखेरपर्यंत लागू करायचा होता. नियम चांगला आहे. पण पर्याय मिळाला तरी तो वापरायला दोन्ही बाजूंचा हिशेब माहीत असावा लागतो. नाहीतर "हप्ता वाढवू नका हो" हेच तोंडातून जातं, कारण घरखर्चाला तेच सोयीचं असतं.

आता उलट बाजू. फेब्रुवारी ते डिसेंबर २०२५ या काळात रेपो दर ६.५ वरून ५.२५ टक्क्यांवर आला. सव्वा टक्का कमी. इथेही तोच प्रश्न, फक्त गोड स्वरूपात: कमी झालेल्या दराचा फायदा हप्त्यात घ्यायचा की मुदतीत?

शिल्लक मुद्दल ३५ लाख, उरलेली मुदत १८ वर्षं आणि दर ९ टक्के धरू. हप्ता ३२,७७६ रुपये. दर घटलाच नसता तर पुढे एकूण ३५ लाख ८० हजार रुपये व्याज गेलं असतं. दर ७.७५ टक्के झाल्यावर हप्ता कमी करून घेतला, तर तो ३०,०९७ वर येतो आणि एकूण व्याज ३० लाखांवर. महिन्याला २,६७९ रुपये हातात राहतात. हप्ता तोच ठेवून मुदत कमी करून घेतली, तर २१६ हप्त्यांचे १८२ होतात आणि व्याज साडेचोवीस लाखांच्या आसपास येतं. दर एकच, कर्ज एकच, बँक एकच. निव्वळ कोणता पर्याय निवडला यावर जवळजवळ साडेपाच लाखांचा फरक.

हे साडेपाच लाख आभाळातून पडत नाहीत, हेही सांगितलं पाहिजे. मुदत कमी करणारा माणूस पंधरा वर्षं दर महिन्याला २,६७९ रुपये जास्त भरतो, म्हणजे एकूण सुमारे पावणेपाच ते पाच लाख. त्याच्या बदल्यात शेवटचे ३४ महिने त्याला काहीच भरावं लागत नाही, तेव्हाचे दहा लाखांच्या वर वाचतात. हातचे २,६७९ रुपये ७.७५ टक्क्यांपेक्षा खात्रीने जास्त मिळवून देतील अशा ठिकाणी दर महिन्याला न चुकता गुंतवणारा कुणी असेल, तर त्याने हप्ता कमी करून घेतला तरी तो तोट्यात जाणार नाही. मी पाहिलेल्या बहुतेक घरांत मात्र ते पैसे गुंतवले जात नाहीत. ते भाजी, पेट्रोल आणि मोबाइलच्या रिचार्जमध्ये विरघळतात. त्यात चूक काही नाही, पण मग दरकपातीचा मोठा भाग आपण त्यातच खर्च केला हे माहीत असावं.

जास्तीचे पैसे मुद्दलात भरतानाही हीच गफलत होते. दिवाळीचा बोनस, शेतजमिनीच्या विक्रीतला वाटा, एखादी मुदत ठेव मोडून आलेले पैसे असं काही हाती येतं आणि माणूस शाखेत जाऊन पार्ट पेमेंट करतो. ४० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के, वीस वर्षं, हप्ता ३४,७१३ रुपये. पाच वर्षं फेडल्यावर शिल्लक असते ३५ लाख २५ हजार. (पाच वर्षांत २० लाख ८३ हजार रुपये भरले आणि मुद्दल उतरलं पावणेपाच लाखांनी, पहिल्यांदा हे पाहिलं की पोटात गोळा येतो.) या वेळी ३ लाख रुपये एकरकमी भरले. हप्ता कायम ठेवून मुदत घटवली तर २८ हप्ते कमी होतात आणि व्याज सुमारे ६ लाख ७० हजारांनी वाचतं. मुदत तीच ठेवून हप्ता घटवला तर तो ३१,७५९ होतो आणि एकूण वाचतात २ लाख ३२ हजार. भरलेले पैसे दोन्हीकडे तेच तीन लाख.

शाखेतल्या अर्जावर यासाठी एक साधी चौकट असते किंवा तीही नसते. कुठे आपोआप मुदत घटवतात, कुठे हप्ता. म्हणून अर्जात स्पष्ट लिहावं: हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी. पैसे जमा झाल्यावर नवं वेळापत्रक मागून घ्यावं आणि शेवटच्या हप्त्याची तारीख डोळ्यांनी पाहावी. बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतपूर्व फेडीचा दंड घ्यायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे, तेव्हा दंडाच्या भीतीने थांबायचं कारण नाही.

"पण व्याज जास्त भरलं तर कर वाचतो ना?" हा प्रश्न मला दर वेळी विचारला जातो. स्वतः राहत असलेल्या घराच्या कर्जावरच्या व्याजाची वजावट जुन्या करप्रणालीत वर्षाला २ लाखांपर्यंतच मिळते. वरच्या ८.५ टक्क्यांच्या ४० लाखांच्या कर्जात पहिल्या वर्षाचं व्याजच ३ लाख ३७ हजारांच्या घरात जातं, म्हणजे त्यातल्या मोठ्या हिश्श्यावर सवलत नाहीच. नव्या करप्रणालीत अशा घरासाठी ही वजावट अजिबात नाही. आणि सवलत मिळाली तरी तीस टक्क्यांच्या गटातल्या माणसालाही शंभर रुपये व्याज भरून एकतीसच्या आसपास रुपये परत येतात. उरलेले एकोणसत्तर गेलेलेच असतात.

कर्ज घेतानाच मुदत ठरवताना हा गोंधळ सर्वांत महाग पडतो, पण तिथला हिशेब थोडक्यात सांगता येतो. ४० लाख, ८.५ टक्के: वीस वर्षांना हप्ता ३४,७१३, तीस वर्षांना ३०,७५७. दहा वर्षं जास्त घेऊन हप्ता चार हजारांनीसुद्धा उतरत नाही. व्याज मात्र ४३ लाखांवरून जवळजवळ ७१ लाखांवर जातं. बिल्डरच्या जाहिरातीत मोठ्या अक्षरात हप्ता छापलेला असतो, त्याचं कारण हेच.

तरीही हप्ता कमी करणं किंवा मुदत लांब घेणं कायम चूकच, असं मी म्हणणार नाही. नोकरी डळमळीत असेल, घरात एकच कमावता हात असेल, आई-वडिलांचं आजारपण चालू असेल किंवा आरोग्य विम्याचा हप्ता भरताना ओढाताण होत असेल, तर आधी हप्ता हलका करावा. चुकलेल्या हप्त्याचा दंड आणि बिघडलेला सिबिल स्कोअर (कर्जफेडीच्या सवयीवरून मिळणारे गुण) कुठल्याही वाचलेल्या व्याजापेक्षा जास्त त्रास देतात. ज्यांना शिस्त जमते त्यांच्यासाठी मधली वाटही आहे: हप्ता कमी करून घ्यायचा आणि फरकाची रक्कम स्वतःहून मुद्दलात भरत राहायची. हिशेब मुदत घटवल्यासारखाच लागतो, आणि अडचणीच्या महिन्यात ती जास्तीची रक्कम थांबवण्याची मोकळीक राहते. ज्यांचा पगार अनियमित आहे अशा दुकानदार आणि छोट्या व्यावसायिकांना मी हीच वाट सुचवते.

दादाला मात्र ती सुचवली नाही. त्याचा पगार ठरलेला, निवृत्तीचं वर्षही ठरलेलं. गावाहून परतल्यावर त्या आठवड्यात तो आणि वहिनी दोघं शाखेत गेले आणि हप्ता १४,६४० करण्याचा अर्ज दिला. वहिनीने आधी एका वहीत महिन्याचा सगळा खर्च मांडून दोन हजार कुठून निघतील ते पाहिलं होतं. २०२५ मध्ये दर उतरायला लागले तेव्हा बँकेने विचारण्याची वाट न पाहता त्याने हप्ता तोच ठेवावा असं लेखी कळवलं. परवा त्याने वेळापत्रकाच्या शेवटच्या पानाचा फोटो मला पाठवला. शेवटच्या ओळीत आता २०३६ साल आहे.