टेन्सरच्या उंबरठ्यावरच्या राशी

देवळालीच्या शाळेत १९३० ते १९६२ शिकवणारे दत्तात्रेय रामचंद्र कापरेकर आणि त्यांचा ६१७४ हा आकडा नाशिककरांना नव्याने सांगावा लागत नाही. चारही अंक एकच नसतील अशी कोणतीही चार अंकी संख्या घ्यायची, तिचे अंक एकदा उतरत्या आणि एकदा चढत्या क्रमाने लावायचे, मोठीतून लहान वजा करायची आणि उत्तरावर पुन्हा तेच करायचे. फार तर सात फेऱ्यांत ६१७४ येतो आणि मग हलत नाही. ३५२४ पासून निघालो तर ३०८७, मग ८३५२, मग ६१७४.

हाच आकडा संगणकाच्या द्विमान पद्धतीत ११००००००११११० असा लिहितात. त्याचे अंक तसेच उतरते-चढते लावून वजाबाकी केली तर ८००१ येतात. ६१७४ ची जादू पुसली गेली. पण ६१७४ म्हणजे २ × ३ × ३ × ७ × ७ × ७, हे मात्र दहाच्या पायावर लिहा की दोनच्या, तसेच राहते. एकाच संख्येचा एक गुण तिचा स्वतःचा आहे आणि दुसरा संख्या आणि तिची लिहिण्याची पद्धत या दोघांचा मिळून आहे. दुसरा गुण खोटा नाही. तो कशाकशावर अवलंबून आहे हे सांगितले की तोही पक्का सिद्धांतच असतो.

बी.एस्सी.च्या मुलांना सापेक्षता शिकवताना मी हल्ली कापरेकरांपासून सुरुवात करतो. कारण दर वर्षी कुणीतरी विचारतेच, "सर, गॅमाला तीन इंडेक्स आहेत, मग तो टेन्सर का नाही?" (गॅमा ही सापेक्षतेच्या गणितातली एक राशी, इंडेक्स म्हणजे तिचे घटक ओळखायचे क्रमांक. टेन्सर कशाला म्हणायचे ते पुढे येतेच.) पुस्तके एका ओळीत 'हा टेन्सर नव्हे' म्हणून पुढे जातात. त्या एका ओळीमागे दीडशे वर्षांची खटपट आहे आणि मुलांपर्यंत ती पोचत नाही याचे मला मनापासून वाईट वाटते.

'टेन्सर' हा शब्द हॅमिल्टनने १८४० च्या दशकात वापरला होता, पण वेगळ्याच अर्थाने. चतुष्टयी (क्वाटर्नियन) या चार घटकांच्या संख्येच्या परिमाणाला तो टेन्सर म्हणत असे. आजच्या अर्थाच्या जवळ तो शब्द वोल्डेमार फोइग्टने १८९८ मध्ये आणला. तो स्फटिकांचा अभ्यासक होता आणि स्फटिकातला ताण सांगायला एक बाण पुरत नाही हे त्याला रोज दिसत होते. पुढे अट ठरली ती अशी: निर्देशक, म्हणजे जागा सांगायला आपण निवडलेले आकडे, बदलले की राशीचे घटक बदलतील, पण एका ठरलेल्या नियमाने, आणि त्या नियमात बाहेरून काही मिसळणार नाही. एका पद्धतीत सगळे घटक शून्य असतील तर प्रत्येक पद्धतीत शून्यच असले पाहिजेत. ही अट अर्धीमुर्धी पाळणाऱ्या राशी आधीपासून पदार्थविज्ञानात वावरत होत्या.

त्यातली सर्वांत जुनी राशी केस कापायच्या दुकानात दिसते. खुर्चीवर बसल्यावर समोरच्या आरशात छताचा पंखा बघा. पंख्याचा दांडा खऱ्या दुकानात खाली लोंबतो, आरशातही खालीच लोंबतो. पण पाती मात्र आरशात उलट्या दिशेने फिरतात. आता उजव्या हाताची बोटे फिरण्याच्या दिशेने वळवून अंगठ्याची दिशा घ्या. फिरण्याचा बाण ठरवायची ही आपली नेहमीची रीत. खऱ्या पंख्याचा बाण वर असेल तर आरशातल्याचा खाली येतो. दांडा आणि हा बाण एकाच उभ्या रेषेत आहेत, तरी आरशापुढे दोघांचे वागणे वेगळे. टॉर्क, कोनीय संवेग आणि चुंबकीय क्षेत्र या सगळ्या राशी पंख्याच्या बाणासारख्या आहेत. फिरवले तर त्या सदिशासारख्याच फिरतात, आरसा लावला की चिन्ह चुकते.

मॅक्सवेलने १८७३ च्या ग्रंथात सरकण्याशी जोडलेले आणि फिरण्याशी जोडलेले बाण वेगळे ठेवले होते. नंतर गिब्ज आणि हेव्हिसाइड यांनी सदिशांचे सुटसुटीत गणित घडवले, सदिश गुणाकार आला आणि दोन्ही बाण एकाच भात्यात गेले. विद्यार्थ्यांची सोय झाली, पण एक योगायोग झाकला गेला. फिरणे मुळात एका प्रतलात असते, त्याला दोन दिशांची जोडी लागते. तीन मितींत अशा जोड्या तीनच निघतात, म्हणून त्या सदिशाच्या तीन घटकांसारख्या दिसतात. चार मितींत जोड्या सहा होतात. १९०८ मध्ये मिन्कोव्स्कीने अवकाश आणि काळ एकत्र मांडले तेव्हा विद्युत क्षेत्राचे तीन आणि चुंबकीय क्षेत्राचे तीन घटक बरोबर त्या सहा घरांत जाऊन बसले.

आरशापुढे चिन्ह बदलणाऱ्या राशी ही केवळ हिशेबाची बाब आहे, असे बरीच वर्षे मानले जाई. निसर्गाला डावे-उजवे कळत नाही ही श्रद्धा त्यामागे होती. ली आणि यांग यांनी १९५६ मध्ये तिच्यावर शंका घेतली. चिएन-शिउंग वू यांनी कोबाल्ट-६० ची अणुकेंद्रके अतिशय थंड करून चुंबकीय क्षेत्रात एका दिशेला लावली आणि बाहेर पडणारे इलेक्ट्रॉन मोजले. ते केंद्रकाच्या फिरण्याच्या बाणाच्या उलट दिशेला जास्त येत होते. दांड्याच्या जातीचा बाण आणि पंख्याच्या जातीचा बाण यांचा गुणाकार शून्य नव्हता, म्हणजे आरशातले जग खरे असू शकत नव्हते. निष्कर्ष १९५७ च्या जानेवारीत जाहीर झाला, त्याच वर्षी ली आणि यांग यांना नोबेल मिळाले. वूंना मिळाले नाही, आणि हा अन्याय होता असे माझे स्पष्ट मत आहे.

दुसरी जात घनतेची. तिला थोडक्यात आटोपतो, कारण नाशिकच्या शेतकऱ्याला ती तोंडपाठ आहे. द्राक्षाचा उतारा समजा एकरी १०० क्विंटल आहे. एकराचे गुंठे ४०, म्हणून तोच उतारा गुंठ्याला अडीच क्विंटल. आकडा बदलला, बागेतला माल तेवढाच राहिला. निर्देशक बदलताना क्षेत्रफळ ज्या पटीत बदलते ती पट अशा राशींच्या नियमात जादा येते. हरमान वाइलने १९१८ च्या सुमारास अशा राशींना टेन्सर घनता म्हणून वेगळी जागा दिली.

आता गॅमा. गोल्फ क्लब मैदानाच्या मधोमध उभे राहा आणि एका सरळ रेषेत, सेकंदाला एक मीटर या एकाच वेगाने चालणाऱ्या माणसाकडे बघा. त्याची वाट तुमच्यापासून कमीत कमी ३० मीटरवरून जाते. तो सर्वांत जवळ असताना घड्याळ सुरू करा आणि त्याची जागा फक्त तुमच्यापासूनचे अंतर आणि कोन या दोन आकड्यांत लिहीत जा. पहिल्या १० सेकंदांत अंतर ३० वरून ३१.६ मीटर होते, म्हणजे जेमतेम दीड मीटर वाढते. तिसाव्या ते चाळिसाव्या सेकंदात तेच अंतर ४२.४ वरून ५० वर जाते, साडेसात मीटर. वहीतले आकडे बघणाऱ्याला वाटेल, माणसाने वेग वाढवला. त्याने काहीच केलेले नाही. वाढ आपल्या लिहिण्याच्या पद्धतीतून आली आणि ती वजा करायला जी दुरुस्ती लागते ती म्हणजे गॅमा. त्याच मैदानावर उभ्या-आडव्या रेषांचे साधे निर्देशक घेतले तर सगळे गॅमा शून्य होतात. एका पद्धतीत शून्य आणि दुसरीत नाही, म्हणून टेन्सरच्या परीक्षेत तो नापास.

पण पूर्ण नापास नाही. निर्देशक नुसते फिरवले किंवा ताणले तर गॅमा अगदी टेन्सरसारखा वागतो. वक्र रेषांकडे वळलो की त्याच्या नियमात एक जादा पद शिरते. त्या पदाला मूळ गॅमा कोणता होता याची काही खबर नसते, म्हणून दोन गॅमांची वजाबाकी केली की ते पद निघून जाते आणि बाकी राहतो तो खराखुरा टेन्सर. गोदेला पूर आला की नाशिकमध्ये पाणी दुतोंड्या मारुतीच्या कुठवर आले ते विचारतात. कुणी मारुतीच्या पायापासून मोजेल, कुणी शेजारच्या पायरीपासून. दोघांचे आकडे जुळणार नाहीत. पण 'तासाभरात दोन फूट चढले' यावर दोघांचे एकमत होईल.

गॅमाची ही चिन्हे एल्विन ब्रुनो ख्रिस्टोफेलने १८६९ मध्ये मांडली. त्याला पदार्थविज्ञानाशी कर्तव्य नव्हते. अंतराची दोन सूत्रे वरवर वेगळी दिसत असली तरी आतून एकच आहेत का, हे त्याला ओळखायचे होते. ग्रेगोरिओ रिच्चीने पादुआत त्यातून विकलनाची नवी रीत उभी केली. साधे विकलन केले की टेन्सर बिघडतो, गॅमाचे पदही तसेच बिघडलेले असते, पण दोन्ही एकत्र घेतले की बिघाड एकमेकांना मारतात. १९०० मध्ये रिच्ची आणि त्याचा विद्यार्थी तुल्लियो लेव्ही-चिव्हिता यांनी हे सगळे एका मोठ्या लेखात मांडले, तेव्हा फार थोड्यांनी त्याकडे लक्ष दिले.

बारा वर्षांनी आइनस्टाइन गुरुत्वाचा सिद्धांत मांडायला नेमक्या याच साधनाच्या शोधात होता. झुरिकच्या ज्या पॉलिटेक्निकमध्ये ख्रिस्टोफेलने एकेकाळी शिकवले होते, तिथेच प्राध्यापक असलेल्या मार्सेल ग्रोसमन या मित्राने त्याला ते दाखवले. तरी १९१३ च्या आराखड्यात आइनस्टाइनने गुरुत्वीय क्षेत्र म्हणून गॅमाचा एक तुकडाच धरला आणि दोन वर्षे अडकून पडला. नोव्हेंबर १९१५ मध्ये त्याने पूर्ण गॅमा हेच क्षेत्राचे घटक मानले आणि कोडे सुटले. आधीच्या निवडीला त्याने स्वतः घातक पूर्वग्रह म्हटले. टेन्सर नसलेल्या राशीला 'क्षेत्र' म्हणण्यात एक खोल अर्थ होता. मोकळे पडणाऱ्या माणसाला स्वतःचे वजन जाणवत नाही. त्याच्या निर्देशकांत, त्याच्या जागी, गॅमा शून्य असतो. म्हणजे क्षेत्र बघणाऱ्यावर अवलंबून असणे हे गुरुत्वाचे लक्षणच आहे.

अडचण ऊर्जेपाशी आली. ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम लिहायचा तर गुरुत्वाची स्वतःची ऊर्जा हिशेबात धरायला हवी. आइनस्टाइनने तिच्यासाठी गॅमांच्या गुणाकारांतून एक राशी बांधली. तिला स्यूडोटेन्सर म्हणतात. (आरशापुढे चिन्ह बदलणाऱ्या राशींनाही हेच नाव आहे, आणि त्यामुळे मुलांचा हमखास घोटाळा होतो. दोन्हींचा एकमेकींशी संबंध नाही.) १९१८ मध्ये व्हिएन्नातून दोन टिपणे आली. श्रोडिंगरने दाखवले की एका गोल ताऱ्याभोवती निर्देशक बेताने निवडले तर ताऱ्याबाहेर सगळीकडे ही ऊर्जा शून्य येते. हान्स बाउअरने नेमके उलटे दाखवले: पूर्ण रिकामा, सपाट अवकाश घ्या, साधे निर्देशक सोडून गोलीय धर्तीचे घ्या, आणि जिथे काहीच नाही तिथे ऊर्जा दिसू लागते, तिची बेरीज अनंत होते. चालणाऱ्या माणसाचा तो खोटा वेग इथे ऊर्जा बनून आला होता.

लेव्ही-चिव्हिताने १९१७ मध्येच हरकत घेतली होती. त्याची सूचना अशी की आइनस्टाइनच्या समीकरणाची डावी, म्हणजे वक्रता सांगणारी, बाजू हीच गुरुत्वाची ऊर्जा मानावी, ती टेन्सर आहे. पण मग एकूण ऊर्जा प्रत्येक ठिकाणी कायमची शून्य होते. आइनस्टाइनचे उत्तर मला आजही बिनतोड वाटते: असा नियम काहीच रोखत नाही, त्याच्या राज्यात एखादी वस्तू मागे काही न ठेवता विरून जाऊ शकेल. त्याने स्यूडोटेन्सर सोडला नाही. दूरवर जिथे अवकाश सपाट होत जातो तिथे सपाटाला शोभतील असे निर्देशक घेतले, तर एकूण बेरीज आत काय निवडले यावर अवलंबून राहत नाही, हे त्याने दाखवले.

१९१८ मध्येच ग्योटिंगेनमध्ये एमी नोएथरने या गोंधळाचे मूळ गाठले. निर्देशक हवे तसे बदलण्याची मुभा ज्या सिद्धांतात आहे, तिथे अक्षय्यतेचा नियम नेहमीच्या अर्थाचा राहू शकत नाही, हे तिच्या दुसऱ्या प्रमेयातून निघते. जागोजागची टेन्सर ऊर्जा सापडत नव्हती ती कुणाच्या हुशारीत कमी होती म्हणून नव्हे. नोएथरला तेव्हा स्वतःच्या नावावर तास घेण्याची परवानगीही नव्हती, हिल्बर्टच्या नावाने ती शिकवत असे.

पुढे स्यूडोटेन्सर अनेक झाले. लान्दाऊ आणि लिफशित्झ यांनी १९४१ मध्ये सममित रूप दिले, त्यामुळे कोनीय संवेगाचाही हिशेब जमला. मोलरने १९५८ मध्ये आणखी एक सुचवला. प्रत्येकाचा जागोजागचा आकडा वेगळा, दूरवरची बेरीज बहुतेक ठिकाणी एकच. त्या बेरजेला भक्कम पाया मिळाला तो आर्नोविट, डेझर, मिझनर यांच्या आणि बाँडीच्या १९६० च्या आसपासच्या कामातून. गुरुत्वीय लहरींपुरते, म्हणजे अवकाशातून पसरत जाणाऱ्या गुरुत्वाच्या तरंगांपुरते, इसाक्सनने १९६८ मध्ये दाखवले की काही तरंगलांबींवर सरासरी घेतली की निर्देशकांचा खोटेपणा निथळून जातो आणि उरलेली ऊर्जा विश्वासाने सांगता येते.

हा हिशेब आकाशात तपासला गेला. १९७४ मध्ये हल्स आणि टेलर यांना सापडलेली ताऱ्यांची जोडी पावणेआठ तासांत एक फेरी पूर्ण करते आणि हा काळ वर्षाला सुमारे ७६ मायक्रोसेकंदांनी कमी होतो आहे, लहरींनी ऊर्जा नेली तर जेवढा व्हावा तेवढाच. १४ सप्टेंबर २०१५ ला अमेरिकेतल्या लायगो या गुरुत्वीय लहरींच्या शोधकाने पकडलेल्या लहरीत सूर्याच्या सुमारे ३६ आणि २९ पट वस्तुमानाची दोन कृष्णविवरे एक होऊन ६२ पटींचे एक उरले. तीन सूर्यांएवढी ऊर्जा लहरींतून निघून गेली. असाच चार किलोमीटरच्या बाहूंचा शोधक आपल्याकडे हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ व्हायचा आहे, एप्रिल २०२३ मध्ये केंद्र सरकारने त्याला मंजुरी दिली.

हे सांगून झाल्यावर यंदा गॅमाचा प्रश्न विचारणारी मुलगी म्हणाली, "सर, ती तीन सूर्यांची ऊर्जा १३० कोटी वर्षे वाटेत होती, तर नेमकी कुठे होती?" लहरीच्या काही लांब्यांएवढ्या पट्ट्यात ती होती असे म्हणता येते, एखाद्या बिंदूवर बोट ठेवून म्हणता येत नाही. एवढ्याने तिचे समाधान झाले नाही, व्हायलाही नको होते. तिला मी बाउअरचे गणित हाताने करायला दिले आहे, रिकामा सपाट अवकाश आणि गोलीय निर्देशक. चार पाने झाली आहेत, एक चिन्ह कुठेतरी चुकते आहे आणि ती ते शोधते आहे.