मारिआ फेलिक्स की दोलोरेस देल रिओ?

मेक्सिकन सिनेमाच्या सुवर्णकाळातले कृष्णधवल चित्रपट पाहताना या दोन अभिनेत्रींची गल्लत हमखास होते. दोघींच्या गाजलेल्या चित्रपटांवर नावं तीच: दिग्दर्शक एमिलिओ फर्नांदेस, छायालेखक गाब्रिएल फिगेरोआ, नायक पेद्रो अरमेंदारिस. त्यात शीर्षकंही चकवतात. ‘मारिआ कांदेलारिआ’त मारिआ फेलिक्स नाही, दोलोरेस आहे. ‘रिओ एस्कोंदिदो’त देल रिओ नाही, फेलिक्स आहे. १९४३च्या ‘दोन्या बार्बारा’पासून फेलिक्सला ‘ला दोन्या’ म्हणू लागले, पण ‘दोन्या पेर्फेक्ता’ (१९५१) मात्र दोलोरेसचा.

आधी साल पाहा. चित्रपट १९४३च्या आधीचा असेल तर त्यात फेलिक्स असणं शक्यच नाही. दुरांगोत १९०४ साली जन्मलेली दोलोरेस १९२५मध्येच हॉलिवूडला पोचली आणि ‘रामोना’सारख्या (१९२८) मूकपटांनी तारका झाली. बोलपट आल्यावरही ती टिकली, पण वाट्याला बहुतेक ‘परदेशी सुंदरी’च येत राहिली. मायदेशी परतून ‘फ्लोर सिल्वेस्त्रे’ केला तेव्हा ती चाळिशीला टेकली होती. सोनोरातल्या आलामोसची फेलिक्स (जन्म १९१४) पहिल्याच चित्रपटात नायिका झाली. हॉलिवूडमध्ये तिने कधीच काम केलं नाही. ती स्पेन, इटली आणि फ्रान्सला गेली, फ्रेंच दिग्दर्शक रन्वारच्या ‘फ्रेंच कॅनकॅन’मध्येही दिसली.

अभिनयाची जातकुळीही वेगळी. ‘एनामोरादा’तला (१९४६) रात्रीचा प्रसंग पाहा. खिडकीखाली ‘मालागेन्या’ हे गाणं सुरू होतं, झोपलेल्या फेलिक्सचे डोळे उघडतात आणि पडदाभर फक्त तेच उरतात. ती समोरच्याला नजरेनं जोखते, भुवई चढवते. दोलोरेसचं बळ याच्या उलट, मिटल्या ओठांत आणि खाली झुकलेल्या पापण्यांत. शब्दांवाचून चेहरा बोलका ठेवणं ती मूकपटात शिकली होती. म्हणूनच ‘मारिआ कांदेलारिआ’तली गावानं वाळीत टाकलेली फुलवाली इतकी खरी वाटते. १९४६च्या कान महोत्सवात या चित्रपटाला सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला. त्यातले एक मानकरी होते आपले चेतन आनंद, ‘नीचा नगर’साठी.

सगळ्यात अवघड जोडी म्हणजे ‘मारिआ कांदेलारिआ’ आणि ‘माक्लोविआ’ (१९४८). दोन्हींत मूलनिवासी नायिका, प्रेमात अडथळे, नायक अरमेंदारिस. इथे वेशभूषेवर विसंबू नका, पाणी पाहा. फुलांनी भरलेल्या होड्या आणि सोचिमिल्कोचे अरुंद कालवे दिसले तर दोलोरेस. पात्स्कुआरोचं विस्तीर्ण सरोवर, कोळ्यांची जाळी आणि हानित्सिओ बेट दिसलं तर फेलिक्स. ‘माक्लोविआ’त फेलिक्स थोडी अवघडलेली वाटते, दबून राहणं तिच्या चेहऱ्याला मानवत नाही.

फरक एकदाच नीट डोळ्यांत बसवायचा तर इस्माएल रोद्रिगेसचा ‘ला कुकाराचा’ (१९५९) पाहा. हा रंगीत आहे, छायालेखन पुन्हा फिगेरोआचंच आणि दोघीही एकाच चित्रपटात. फेलिक्स मेक्सिकन क्रांतीच्या फौजेबरोबर फिरणारी बेधडक बाई, दोलोरेस विधवा इसाबेल. दोघींचा जीव कर्नल सेतावर जडतो आणि तो सेता झालाय खुद्द एमिलिओ फर्नांदेस.