झुकिनीचा खारा ब्रेड

झुकिनीचा खारा ब्रेड म्हणजे यीस्ट न घालता, बेकिंग पावडर आणि खायच्या सोड्यावर फुगवलेला, किसलेल्या भाजीचा घरगुती ब्रेड. मैदा, अंडी, तेल, दही, चीज, मीठ आणि मिरी एवढेच त्याचे इतर साहित्य. पीठ तिंबायचे नाही, फुगण्यासाठी ठेवून द्यायचे नाही. मिश्रण कालवून साच्यात ओतले की तासाभरात ब्रेड ओव्हनबाहेर येतो. अमेरिकेत अशा ब्रेडना क्विक ब्रेड म्हणतात. त्याचा पोत केकच्या जवळचा असतो, चव मात्र जेवणातली. सूपबरोबर, न्याहारीला किंवा प्रवासाच्या डब्यात तो चांगला लागतो. घरी केलेला हा ब्रेड बिघडतो तो बहुधा झुकिनीतल्या पाण्यामुळे, म्हणून या नोंदीत त्या पाण्याला सर्वांत जास्त जागा दिली आहे.

उगम

झुकिनी ही कुकर्बिटा पेपो या भोपळ्याच्या जातीतली, म्हणजे मूळची अमेरिका खंडातली भाजी. मेक्सिकोच्या ओआहाका राज्यातील गिला नाकित्स गुहेत या जातीच्या लागवडीच्या सुमारे १०,००० वर्षे जुन्या बिया सापडल्या आहेत. कोलंबसनंतर हे भोपळे युरोपात गेले. कोवळेपणीच तोडून सालीसकट खाण्याजोगी, लांबट आणि पातळ सालीची झुकिनी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात उत्तर इटलीत, मिलानच्या परिसरात तयार झाली. पुढे विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इटालियन स्थलांतरितांनी ती पुन्हा अमेरिकेत नेली.

यीस्टशिवाय पीठ फुगवण्याची युक्ती स्वतंत्रपणे वाढली. १७९६ मध्ये अमेरिकेत छापल्या गेलेल्या अमेलिया सिमन्स यांच्या पाककृतींच्या पुस्तकात पर्लॅश, म्हणजे लाकडाच्या राखेपासून काढलेला शुद्ध क्षार, पिठात घालायला सांगितला आहे. १८४३ मध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड यांनी बेकिंग पावडर तयार केली. त्यांच्या पत्नीला यीस्ट चालत नसे. १८५६ मध्ये एबेन हॉर्सफर्ड यांना अमेरिकेत बेकिंग पावडरीत लागणाऱ्या कॅल्शियम फॉस्फेटच्या आम्लाचे एकस्व (पेटंट) मिळाले. कोरड्या डब्यात आम्ल आणि सोडा एकत्र टिकू लागल्यावर ब्रेड फुगवणे हे कोणत्याही स्वयंपाकघरातले काम झाले.

परसात झुकिनी लावणाऱ्या अमेरिकन कुटुंबांपुढे दर उन्हाळ्यात तोच प्रश्न असतो. एकदोन वेल फळाला आले की घरात खाऊन संपत नाही इतकी भाजी निघते. तिथे ८ ऑगस्ट हा शेजाऱ्याच्या ओसरीवर गुपचूप झुकिनी ठेवून येण्याचा दिवस म्हणून गमतीने पाळतात. दालचिनी आणि अक्रोड घातलेला गोड झुकिनी ब्रेड याच भरघोस पिकातून लोकप्रिय झाला. खाऱ्या ब्रेडची रीत फ्रान्समध्ये अधिक रुजलेली आहे. तिथल्या घरगुती खाऱ्या केकचे प्रमाण जवळजवळ पाठ असल्यासारखे असते: ३ अंडी, १५० ते १८० ग्रॅम मैदा, बेकिंग पावडरची ११ ग्रॅमची एक पुडी, १०० मिलिलिटर दूध, तेवढेच तेल आणि १०० ग्रॅम किसलेले ग्रुयेर चीज. त्यात झुकिनीबरोबर बकरीच्या दुधाचे चीज आणि पुदिना घालण्याची पद्धत आहे.

आपल्याकडे याची नातेवाईक मंडळी आहेत. कोकणात आणि गोव्यात पावसाळी तवशाची, म्हणजे मोठ्या काकडीची, तवसाळी करतात. तिच्यात तांदळाचा रवा तवशाच्या किसाला सुटलेल्या रसातच भिजतो, वेगळे पाणी घालावे लागत नाही. पूर्वी ती खाली-वर निखारे ठेवून भाजत. गुजराती हांडव्यात आंबवलेल्या डाळ-तांदळाच्या पिठात दुधी किसून घालतात. तवसाळी गोड आणि हांडवा तिखट, पण भाजीचे पाणी पिठाच्या ओलाव्यात धरायचे, हे दोन्हीकडे ठरलेले आहे. झुकिनीचा ब्रेड करणाऱ्याने ही रीत ध्यानात ठेवली तर अर्धे काम सोपे होते.

पाण्याचा हिशेब

झुकिनीत वजनाने सुमारे ९५ टक्के पाणी असते. किस तसाच पिठात घातला तर मिश्रण सुरुवातीला घट्ट आणि बरोबर दिसते. नंतर ओव्हनच्या उष्णतेने आणि मिठाने पेशी फुटतात आणि पाणी बाहेर येते. तोवर वरचा पापुद्रा बसलेला असतो; आतल्या स्टार्चला मात्र जरुरीपेक्षा जास्त पाणी मिळते आणि मधला भाग घट्ट होत नाही. कापल्यावर तळाशी जो चिकट, गडद पट्टा दिसतो तो यामुळे. अशा वेळी ब्रेड कच्चा राहिला असे समजून आणखी वीस मिनिटे भाजला तर कडा कोरड्या होतात, पट्टा तसाच राहतो.

उपाय सोपा आहे. किसाला अर्धा चमचा मीठ चोळून तो चाळणीत पंधरा-वीस मिनिटे ठेवायचा आणि मग स्वच्छ पंचात घेऊन पिळायचा. ३०० ग्रॅम किसातून पाव ते तिसरा हिस्सा पाणी निघते. बहुतेक पाककृती हे पाणी टाकून द्यायला सांगतात. ते टाकू नये. ते वाटीत धरावे, मोजावे आणि दही पातळ करायला साध्या पाण्याऐवजी वापरावे. भाजीची चव त्यातच असते आणि मोजून घातल्यावर ते त्रासही देत नाही. मीठ या पाण्यात उतरलेले असते, म्हणून पिठात घालायचे मीठ तेवढे कमी करावे.

पिळणेही बेताने. किस पार कोरडा, दोरीसारखा झाला की ब्रेडमध्ये तो तंतूंसारखा जाणवतो. मुठीत दाबल्यावर थेंब गळायचे थांबले की पुरे. किसणीची मोठी भोके वापरावीत. बारीक किसाचा लगदा होतो आणि तो नीट पिळताही येत नाही. साल काढू नये. हातभर वाढलेल्या, जून झुकिनीचा मधला स्पंजासारखा गाभा आणि बिया मात्र काढून टाकाव्यात.

गोड ब्रेडपेक्षा खाऱ्या ब्रेडला ही काळजी जास्त लागते, कारण त्यात साखर नसते. साखर पाणी धरून ठेवते, ग्लूटेन (गव्हाच्या पिठातले चिवट प्रथिन) घट्ट होऊ देत नाही आणि वरचा रंग आणते. ती नसल्यामुळे मऊपणा तेल, अंडी आणि दह्याकडून, तर रंग चीजकडून घ्यावा लागतो. खाऱ्या ब्रेडमधले तेल निम्मे केले की तो दुसऱ्याच दिवशी कोरडा होतो. पथ्य म्हणून तेल कमी करायचे असेल तर ब्रेड लहान करून त्याच दिवशी संपवणे बरे.

प्रमाण आणि कृती

साधारण २३ × १३ सेंटिमीटरच्या साच्यासाठी: २५० ग्रॅम मैदा, अडीच छोटे चमचे बेकिंग पावडर, पाव छोटा चमचा खायचा सोडा, अर्धा छोटा चमचा मीठ, भरपूर ताजी कुटलेली मिरी, ३०० ग्रॅम झुकिनी, २ अंडी, ७० मिलिलिटर तेल, १०० ग्रॅम किसलेले चीज आणि १८० मिलिलिटर पातळ केलेले दही. परदेशी पाककृतींत जे बटरमिल्क लिहिलेले असते ते आपल्या जेवणातल्या ताकापेक्षा बरेच दाट असते. तीन भाग दही आणि एक भाग झुकिनीचे पाणी फेटले की तो दाटपणा येतो.

ओव्हन आधी १८० अंश सेल्सियसला तापवून ठेवावा. ओटीजी असेल तर खालचा-वरचा दोन्ही रॉड लावून निदान दहा मिनिटे. कोरडे साहित्य एका भांड्यात, ओले दुसऱ्यात. पिळलेला किस मोकळा करून चीजबरोबर कोरड्या पिठात घोळावा, म्हणजे त्याचे गोळे होत नाहीत आणि तो तळाशी बसत नाही. मग ओले मिश्रण एकदम ओतून उलथन्याने खालून वर असे दहा-बारा वेळा फिरवावे. पिठाच्या रेषा दिसेनाशा झाल्या की थांबावे. गुठळ्या राहिल्या तर राहू द्याव्यात. मिश्रण गुळगुळीत होईपर्यंत फेटण्याची सवय इथे नडते: मैद्यात ग्लूटेनचे जाळे तयार होते, वायू त्यातून लांबट बोगदे करत वर जातो आणि ब्रेड चिवट होतो.

मिश्रण भांड्यात ताटकळत ठेवू नये. दह्याचे आम्ल आणि सोडा भेटताच कार्बन डायऑक्साइड सुटू लागतो. दुहेरी क्रियेची बेकिंग पावडर काही वायू ओलाव्याने आणि उरलेला उष्णतेने सोडते, त्यामुळे थोडी सवड मिळते. पण नुसत्या सोड्यावर केलेले मिश्रण अर्धा तास राहिले तर बसते. सोडा वाढवून जास्त फुगवण्याचा मोह टाळावा. वाटीभर आंबट दह्याला अर्ध्या छोट्या चमच्याहून जास्त सोडा लागत नाही. त्याहून अधिक घातला तर तो आम्लाशिवाय उरतो आणि ब्रेडला साबणासारखी चव येते.

मधल्या कप्प्यावर ४५ ते ५५ मिनिटे भाजावे. वर मधोमध पडणारी भेग हा दोष नाही. कडा आधी बसतात आणि मधले मिश्रण नंतर वर येते. सुरी मधोमध खुपसल्यावर ओले पीठ चिकटले नाही की ब्रेड झाला. वितळलेले चीज चिकटले तर दुसऱ्या जागी पुन्हा पाहावे. थर्मामीटर असेल तर आत ९३ ते ९६ अंश हवे. दहा मिनिटांनी साच्यातून काढून जाळीवर ठेवावा, नाहीतर सुटलेली वाफ तळालाच मुरते. गरम असताना कापला की चुरा होतो.

आपल्या स्वयंपाकघरातले बदल

प्रक्रिया केलेले चीज सगळीकडे मिळते आणि छान वितळते, पण ते खारट असते. पिठातले मीठ तेवढे आवरावे. सगळा मैदा नको असेल तर निम्मी कणीक घ्यावी. जात्यावर दळलेल्या कणकेतला स्टार्च दळताना अधिक तुटलेला असतो, ती मैद्यापेक्षा जास्त पाणी पिते. दोन-तीन चमचे द्रव वाढवावा लागतो. पाव वाटी मैद्याच्या जागी थालीपिठाची भाजणी घातली तर खमंगपणा येतो. बिनअंड्याचा ब्रेड अर्धी वाटी जास्तीच्या घट्ट दह्यावर होतो, मात्र तो जड आणि कमी उंच होतो. लसूण, कोथिंबीर, हिरवी मिरची, ओवा, तीळ हे सगळे चालते. कांदा आधी परतून घालावा, कच्चा कांदाही पाणी सोडतो. झुकिनीऐवजी कोवळा दुधी चालतो, तो जास्त पाणीदार असल्याने नीट पिळावा.

शिट्टी आणि रबरी रिंग काढून, तळाशी मिठाचा थर पसरून कुकरमध्येही हा ब्रेड करतात. तो आतून व्यवस्थित होतो, वरून मात्र फिकट राहतो.

कडू फळ

किसण्यापूर्वी झुकिनीचा लहानसा तुकडा चाखावा आणि कडू लागला तर थुंकून पूर्ण फळ टाकून द्यावे. हा कडवटपणा कुकर्बिटासिन या विषारी द्रव्यांचा असतो. शिजवल्याने किंवा भाजल्याने ती नाहीशी होत नाहीत, आणि चीज-मसाल्यात कडवटपणा झाकला गेला तर धोका वाढतो. उलट्या, पोटदुखी, जुलाब ही त्याची लक्षणे. २०१५ मध्ये जर्मनीत परसातली कडू झुकिनी खाल्ल्यावर एका वृद्धाचा मृत्यू झाला होता. २०१० मध्ये दिल्लीत दुधीचा कडू रस प्यायल्याने एका शास्त्रज्ञाचा जीव गेला आणि त्यानंतर भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेने तज्ज्ञ समिती नेमली होती. शोभेच्या भोपळ्याशी संकर झालेल्या बियांपासून असे फळ येऊ शकते, म्हणून घरच्या फळातले बी धरून पुन्हा लावू नये. दुधी वापरतानाही हीच चव पाहावी.

टिकवण

साखर नाही आणि ओलावा भरपूर, त्यामुळे बाहेर हा ब्रेड एक-दोन दिवसच टिकतो. पावसाळ्यात आणि कोकणच्या दमट हवेत एकच दिवस धरावा. फ्रिजमध्ये चार दिवस राहतो, पण तिथल्या तापमानाला स्टार्च लवकर आखडतो आणि ब्रेड शिळा लागतो. जास्त दिवस ठेवायचा असेल तर काप करून, मध्ये कागद घालून फ्रीझरमध्ये ठेवावेत. खाताना ते न वितळवता थेट तव्यावर मंद आचेवर, थोडे तूप सोडून दोन्ही बाजूंनी शेकावेत. गरम झाल्यावर स्टार्च पुन्हा सैल होतो आणि कडेचे चीज कुरकुरीत होते.